दोन बारांचा न्याय

महाराष्ट्राच्या विधिमंडळातले बारा जण २०२१ साली न्यायालयात गाजत होते, आणि हे बारा एक नव्हते, दोन होते. पहिले बारा विधानसभेतले. भारतीय जनता पक्षाच्या या आमदारांना ५ जुलै २०२१ रोजी सभागृहाने वर्षभरासाठी निलंबित केले. दुसरे बारा विधान परिषदेचे, पण ते आमदार झालेच नाहीत. महाविकास आघाडी सरकारने राज्यपालनियुक्त जागांसाठी त्यांची नावे नोव्हेंबर २०२० मध्ये राजभवनावर पोचवली होती, आणि त्यावर हो नाही की नाही नाही, असे महिन्यामागून महिने चालले होते. पहिल्या बारांचे निलंबन सर्वोच्च न्यायालयाने सात महिन्यांच्या आत रद्द केले. दुसऱ्या बारांबद्दल मुंबई उच्च न्यायालयाने राज्यपालांना त्यांच्या कर्तव्याची आठवण करून दिली, आदेश मात्र काढला नाही, आणि पुढे ती यादीच इतिहासजमा झाली. एकच राज्य, तोच काळ, दोन्हीकडे संविधानाचाच प्रश्न, मग निकालांत एवढे अंतर का पडले? न्यायमूर्तींच्या स्वभावात किंवा पक्षीय हिशेबात उत्तर शोधण्याचा मोह होतो, पण ते तिथे नाही. न्यायालयीन पुनर्विलोकनाची सारी हत्यारे केलेल्या कृतीसाठी घडवलेली आहेत. केलेले चुकले असेल तर ते खोडता येते. जे केलेच नाही त्याचे काय करायचे, या प्रश्नाशी आपली न्यायव्यवस्था अजून झगडते आहे, आणि या दोन बारांच्या गोष्टीत तो झगडा सलग पाहायला मिळतो.

आधी या जागांविषयी. विधान परिषदेच्या ७८ जागांपैकी १२ राज्यपालांनी नामनिर्देशनाने भरायच्या असतात, म्हणजे दर साडेसहा जागांमागे एक. संविधानाच्या कलम १७१ मधल्या पाचव्या खंडाने त्यासाठी पाच क्षेत्रे नेमून दिली आहेत: साहित्य, विज्ञान, कला, सहकारी चळवळ आणि समाजसेवा. निवडणुकीच्या धकाधकीत जे उतरणार नाहीत, पण ज्यांचे म्हणणे कायदे करताना कानावर पडायला हवे, अशांसाठी ही वाट ठेवली होती. ग. दि. माडगूळकर आणि ना. धों. महानोर याच वाटेने परिषदेत पोचले. पुढे पुढे या जागांवर कवी-कलावंत कमी आणि पक्षांनी सोय लावलेले कार्यकर्ते जास्त दिसू लागले, हेही खरे. राज्यपाल या नेमणुका स्वतःच्या मर्जीने करत नाहीत. मंत्रिमंडळाने शिफारस करायची आणि राज्यपालांनी तिच्यावर मोहोर उमटवायची, अशी ही व्यवस्था आहे. किती दिवसांत उमटवायची, याविषयी मात्र कलमात एक शब्दही नाही. पुढचे सगळे रामायण याच मोकळ्या जागेत घडले.

त्याची पहिली चुणूक २०२०च्या एप्रिलमध्ये दिसली. उद्धव ठाकरे यांनी २८ नोव्हेंबर २०१९ रोजी मुख्यमंत्रिपदाची शपथ घेतली तेव्हा ते कोणत्याही सभागृहाचे सदस्य नव्हते. सहा महिन्यांत आमदार होणे भाग होते, आणि नेमक्या त्याच काळात कोरोनामुळे विधान परिषदेच्या निवडणुका पुढे ढकलल्या गेल्या. राज्यपालनियुक्त दोन जागा तेव्हा रिकाम्या होत्या, कारण त्यांवरचे राष्ट्रवादीचे दोन सदस्य २०१९च्या विधानसभा निवडणुकीआधी राजीनामा देऊन भाजपमध्ये गेले होते. त्यांतले एक राहुल नार्वेकर. हे नाव लक्षात ठेवावे, कारण ते या गोष्टीत पुन्हा येणार आहे. मंत्रिमंडळाने ९ एप्रिलला ठाकरे यांच्या नावाची शिफारस केली, राजभवनातून उत्तर आले नाही म्हणून २७ एप्रिलला पुन्हा केली. राज्यपाल भगतसिंह कोश्यारी यांनी शिफारशीवर निर्णय न घेता निवडणूक आयोगाला पत्र लिहिले आणि परिषदेच्या रिकाम्या नऊ जागांची निवडणूक घ्यावी असे सुचवले. आयोगाने ते मान्य केले, नऊही उमेदवार बिनविरोध निवडून आले आणि मुदत संपायला जेमतेम दहा दिवस उरले असताना, १८ मे रोजी मुख्यमंत्र्यांनी आमदारकीची शपथ घेतली. पेच सुटला, पण राज्याचे मुख्यमंत्रिपद महिनाभर एका न आलेल्या उत्तरावर लटकून राहिले, हे त्या धांदलीत विसरले गेले. शिफारस नाकारली असती तर सरकारला त्याच दिवशी न्यायालयात जाता आले असते. नकार नव्हता, म्हणून दाद मागायलाही काही नव्हते.

जून २०२० मध्ये बाराही जागा रिकाम्या झाल्या. आघाडीतल्या तीन पक्षांनी प्रत्येकी चार अशी वाटणी करून ऑक्टोबरअखेर मंत्रिमंडळात नावे पक्की केली. ६ नोव्हेंबरला अनिल परब, नवाब मलिक आणि अमित देशमुख हे तीन मंत्री राजभवनावर गेले आणि त्यांनी यादीचा बंद लिफाफा राज्यपालांच्या हाती दिला. एकेका पक्षाचा एकेक मंत्री पाठवण्यातही आघाडीचा समतोल सांभाळलेला होता. वर्तमानपत्रांनी लिफाफ्यातली म्हणून जी नावे छापली त्यांत अभिनेत्री ऊर्मिला मातोंडकर आणि गायक आनंद शिंदे होते, शेतकरी नेते राजू शेट्टी होते, आणि नुकतेच भाजप सोडून राष्ट्रवादीत आलेले एकनाथ खडसेही होते. कलावंत, चळवळे आणि मुरलेले राजकारणी असे ते मिश्रण होते. त्यांतले कोण कलमाच्या पाच क्षेत्रांत बसते आणि कोण नाही, यावर राज्यपालांना शंका घेता आली असती आणि काही नावांबाबत ती रास्तही ठरली असती. शंका घेऊन यादी परत पाठवली असती तर मंत्रिमंडळाला उत्तर द्यावे लागले असते. लिफाफा राजभवनावरच राहिला. हिवाळा सरला, उन्हाळा सरला, आणि नाशिकच्या एका नागरिकाची जनहित याचिका मुंबई उच्च न्यायालयात सुनावणीला आली.

ती सुनावणी चालू असतानाच पहिल्या बारांचे प्रकरण घडले. पावसाळी अधिवेशन दोनच दिवसांचे होते. पहिल्याच दिवशी, ५ जुलै २०२१ रोजी, इतर मागासवर्गीयांच्या राजकीय आरक्षणाशी निगडित ठरावावरून विधानसभेत गदारोळ झाला. नाना पटोले यांनी फेब्रुवारीत राजीनामा दिल्यापासून अध्यक्षाची खुर्ची रिकामी होती. तालिका अध्यक्ष म्हणून भास्कर जाधव कामकाज पाहत होते. विरोधी आमदार अध्यक्षांच्या आसनापर्यंत चढले, पुढे दालनात शिवीगाळ आणि धक्काबुक्की झाली, असा सत्ताधाऱ्यांचा आरोप होता, आणि भाजपने तो साफ नाकारला. त्याच दिवशी संसदीय कार्यमंत्री अनिल परब यांनी ठराव मांडला आणि बारा आमदार वर्षभरासाठी निलंबित झाले. राजभवनावर लिफाफा घेऊन गेलेले परब आणि हा ठराव मांडणारे परब एकच. राजभवनाच्या मौनामुळे बारा जागा रिकाम्या राहिल्या म्हणून तक्रार करणाऱ्या सरकारने दुसऱ्या सभागृहात बारा मतदारसंघ वर्षभर मुके केले. या गोष्टीत सोवळे कोणीच नाही, आणि म्हणूनच ती कायद्याच्या अंगाने पाहणे सोपे जाते.

उच्च न्यायालयाचा निकाल १३ ऑगस्ट २०२१ रोजी आला. मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती गिरीश कुलकर्णी यांच्या खंडपीठापुढे दोन अडसर होते. कलम १७१ मध्ये मुदत नाही, हा पहिला. दुसरा त्याहून अवघड: कलम ३६१ प्रमाणे राज्यपाल आपल्या पदाच्या अधिकारांबद्दल आणि कर्तव्यांबद्दल कोणत्याही न्यायालयाला उत्तरदायी नसतात. पहिला अडसर खंडपीठाने ओलांडला. मुदत लिहिलेली नसली तरी निर्णय वाजवी वेळेत झाला पाहिजे, यादी स्वीकारायची किंवा परत पाठवायची, राज्यपालांना या दोन वाटा आहेत आणि गप्प बसणे ही तिसरी वाट नाही, असा निकालाचा आशय होता. आठ महिन्यांचा अवधी निर्णयासाठी पुरेसा होता, हेही खंडपीठाने नोंदवले. दुसऱ्या अडसरापाशी मात्र ते थांबले. राज्यपालांना निर्देश देता येत नाहीत, म्हणून हे कर्तव्य लवकरात लवकर पार पडेल अशी अपेक्षा व्यक्त करून याचिका निकाली काढण्यात आली. न्यायालयाच्या हाती आदेश असतो, अपेक्षा तर कोणीही करू शकतो. त्या दिवशी न्यायालयाने अपेक्षा केली आणि ती पुरी झाली नाही.

साडेपाच महिन्यांनी, २८ जानेवारी २०२२ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने निलंबित आमदारांच्या बाजूने निकाल दिला. वाटेत भिंत इथेही होती. विधिमंडळाच्या कामकाजात पद्धतीची चूक झाली म्हणून न्यायालयाला त्यात शिरता येत नाही, असे कलम २१२ सांगते. पण न्यायमूर्ती अजय खानविलकर यांच्या खंडपीठाने पद्धतीतली चूक वेगळी आणि मुळातली बेकायदेशीरता वेगळी, असा जुनाच भेद पुढे केला. चालू अधिवेशनापुरते निलंबन हा शिस्तीचा भाग झाला. वर्षभराचे निलंबन मात्र बडतर्फीपेक्षाही जड पडते, कारण आमदार बडतर्फ झाला तर सहा महिन्यांत पोटनिवडणूक होते, निलंबनात मतदारसंघाला नवा आमदारही मिळत नाही आणि जुनाही बोलू शकत नाही. ठराव त्या मर्यादेपलीकडे अवैध ठरला आणि बारा आमदार सभागृहात परतले. दोन निकाल शेजारी ठेवले की फरक कळतो. कलम २१२ ची भिंत काही कलम ३६१ च्या भिंतीहून ठेंगणी नव्हती. पण निलंबनाचा ठराव होता, त्यावर तारीख होती, त्यात कारण होते. कागद समोर होता, म्हणून न्यायालयाला तो तपासता आला, मर्यादा कुठे ओलांडली ते दाखवता आले, आणि ठराव रद्द केल्याबरोबर आधीची स्थिती आपोआप परत आली. राजभवनातल्या लिफाफ्याबाबत तपासायला कारण नव्हते, रद्द करायला आदेश नव्हता, आणि रद्द करण्यासारखे काही सापडले असते तरी बारा जण आमदार झाले नसते. त्यासाठी कोणाला तरी सही करावीच लागली असती.

यावर कोणी म्हणेल की न्यायालयांनी निष्क्रिय अधिकाऱ्यांना कामाला लावल्याची उदाहरणे काही थोडी नाहीत. बरोबर आहे, आणि त्यांतले सर्वांत गाजलेले रतलामचे. मध्य प्रदेशातल्या या शहरात एका वस्तीच्या दारातून उघडी गटारे वाहत होती, जवळच्या मद्यार्काच्या कारखान्याचे दुर्गंधीचे पाणी त्यात मिसळत होते, संडास नसल्याने माणसे रस्त्याकडेला बसत होती. रहिवाशांनी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १३३ खाली दंडाधिकाऱ्यांकडे धाव घेतली. नगरपालिकेचे म्हणणे दोन कलमी होते: तिजोरीत पैसा नाही, आणि लोक इथे डोळे उघडे ठेवून राहायला आले आहेत. १९८० मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी दोन्ही उत्तरे केराच्या टोपलीत टाकली आणि गटारे बांधायला लावली. पैसा नाही ही सबब सांगून कायद्याने दिलेल्या कर्तव्यातून पळता येणार नाही, हा त्या निकालाचा गाभा अजूनही वकिलांच्या तोंडी आहे. ज्या रिटला कायद्याची पुस्तके परमादेश म्हणतात, त्याचा जन्मच अशा कामांसाठी झाला. मग रतलामला जमले ते मुंबईत का नाही? कारण गटार बांधायचे म्हणजे काय करायचे, याबद्दल मतभेद नसतो. कर्तव्याचा मजकूर कायद्यातच भरलेला असतो, अधिकाऱ्याने फक्त हात हलवायचा असतो. आमदार नेमायचा, विधेयकाला संमती द्यायची, पक्षांतर केलेल्याला अपात्र ठरवायचे, या कामांत होकाराला जशी जागा आहे तशी नकारालाही आहे. तिथे न्यायालय फार तर 'ठरवा' म्हणू शकते. 'असे ठरवा' म्हणू लागले तर ते त्या अधिकाऱ्याच्याच खुर्चीत जाऊन बसते. नगरपालिकेच्या मुख्याधिकाऱ्याला कलम ३६१ चे कवच नसते, ही गोष्ट आणखी वेगळी.

यादीचे पुढे काय झाले? जून २०२२ मध्ये शिवसेना फुटली, महिनाअखेर एकनाथ शिंदे मुख्यमंत्री झाले. सतरा महिने रिकामी असलेली अध्यक्षाची खुर्ची नव्या सरकारच्या शपथेनंतर तीन दिवसांत भरली आणि तिच्यावर राहुल नार्वेकर बसले. सप्टेंबरमध्ये नव्या मंत्रिमंडळाने जुनी यादी मागे घेत असल्याचे राज्यपालांना कळवले आणि ते मान्य झाले. जे उत्तर बावीस महिने मिळाले नव्हते त्याची आता गरज उरली नाही. प्रकरण तोवर सर्वोच्च न्यायालयात पोचले होते. तिथे सप्टेंबरअखेर, नव्या नेमणुका करू नयेत असा अंतरिम आदेश झाला. गंमत अशी की मौन तोडायला जी न्यायव्यवस्था हतबल होती तिला बोलणे थांबवणे सहज जमले, कारण थांबवायला एक होऊ घातलेली कृती होती. जुलै २०२३ मध्ये तो आदेश उठला आणि वाद नव्या याचिकेच्या रूपाने उच्च न्यायालयात परतला. ऑक्टोबर २०२४ मध्ये तिचा निकाल राखून ठेवलेला असताना, विधानसभा निवडणुकीची घोषणा झाली त्याच १५ ऑक्टोबरला, नव्या यादीतल्या सात जणांनी आमदारकीची शपथ घेतली. पाच जागा त्या दिवशीही रिकाम्याच राहिल्या. ९ जानेवारी २०२५ रोजी उच्च न्यायालयाने याचिका फेटाळली. राज्यपालांनी जुन्या शिफारशीवर निर्णय घेतलेलाच नव्हता, तेव्हा ती मागे घ्यायला मंत्रिमंडळ मोकळे होते, हा त्याचा आधार. कायद्याच्या तर्काने हे बिनचूक आहे. पण त्यातून निघणारा अर्थ अस्वस्थ करतो: २०२१ मध्ये ज्या मौनाला न्यायालयाने कर्तव्याशी विसंगत मानले, त्याच मौनामुळे २०२५ मध्ये यादी मागे घेणे वैध ठरले.

कोश्यारी यांनी फेब्रुवारी २०२३ मध्ये पद सोडल्यानंतर मुलाखतींत आपली बाजू सांगितली. सरकारच्या पत्राचा सूर धमकावणीचा होता, पंधरा दिवसांत निर्णय घ्या अशी मुदतच त्यात घातली होती, असे त्यांचे म्हणणे होते. ते खरे मानले तरी प्रश्न उरतोच. हे कारण यादी जिवंत असताना कागदावर आले असते तर न्यायालयाला ते तोलता आले असते. पत्राचा सूर उद्धट होता म्हणून बारा नेमणुका रोखता येतात का, एवढाच मुद्दा उरला असता आणि त्याचा निकाल कोणत्याही बाजूने लागला असता तरी राज्याला नियम मिळाला असता. पुनर्विलोकन कारणांवर जगते. मौनात न्यायालयाची सगळ्यात मोठी अडचण हीच असते की त्यात कारण दडवण्याचीही गरज पडत नाही.

'ठरवा' एवढे तरी न्यायालयाला ठामपणे म्हणता येते का, याची परीक्षा त्याच वर्षी झाली. शिवसेनेच्या फुटीवर ११ मे २०२३ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला. बहुमत चाचणी बोलावण्याचा राज्यपालांचा निर्णय त्यात चुकीचा ठरला. पण ठाकरे यांनी चाचणीला सामोरे न जाता राजीनामा दिला होता, त्यामुळे घड्याळाचे काटे मागे फिरवता येणार नाहीत, असे न्यायालयाने म्हटले आणि अपात्रतेचा प्रश्न वाजवी वेळेत निकाली काढण्यासाठी अध्यक्षांकडे सोपवला. वाजवी म्हणजे किती, हे न सांगितल्याने सप्टेंबर उजाडला तरी सुनावणी रखडलेलीच होती. मग न्यायालयाने वेळापत्रक मागितले, ते पटले नाही म्हणून दुसरे मागितले, अखेर स्वतःच ३१ डिसेंबर ही तारीख दिली आणि ती दहा दिवसांनी वाढवून दिली. १० जानेवारी २०२४ रोजी नार्वेकर यांनी निकाल वाचला. दोन्ही गटांतला एकही आमदार अपात्र ठरला नाही. त्यावरची अपिले सर्वोच्च न्यायालयात निकालाविना असतानाच त्या विधानसभेची मुदत संपली. मणिपूरमध्ये न्यायालय याहून पुढे गेले होते. काँग्रेसकडून निवडून येऊन लगेच भाजप सरकारात मंत्री झालेल्या आमदारावर तिथल्या अध्यक्षांनी जवळपास तीन वर्षे निर्णयच दिला नाही. जानेवारी २०२० मध्ये न्यायालयाने चार आठवडे दिले, तेही वाया गेले, तेव्हा १८ मार्चला कलम १४२ चा असाधारण अधिकार वापरून त्या मंत्र्याला पदावरून दूर केले आणि सभागृहात पाऊल ठेवायला मनाई केली. पण तोवर कार्यकाळाचा अर्ध्याहून अधिक भाग त्याने भोगून झाला होता.

कलम १४२ ची ही वाट तामिळनाडूच्या प्रकरणात टोकाला पोचली. राज्यपालांनी अडवलेली दहा विधेयके विधानसभेने नोव्हेंबर २०२३ मध्ये पुन्हा मंजूर केली, तेव्हा ती राष्ट्रपतींकडे राखून ठेवण्यात आली. ८ एप्रिल २०२५ रोजी दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने ती संमत झाल्याचे मानले, आणि पुढच्यासाठी राज्यपालांना एक ते तीन महिन्यांच्या मुदती आखून दिल्या. न्यायालयाने प्रथमच मौनाचा अर्थ होकार असा लावला होता. सुमारे महिनाभराने राष्ट्रपतींनी चौदा प्रश्न काढून सर्वोच्च न्यायालयाचे मत मागितले, आणि २० नोव्हेंबर २०२५ रोजी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींनी ते दिले. संविधानाने न घातलेल्या मुदती न्यायालयाला घालता येणार नाहीत, मानीव संमती ही कल्पनाच संविधानात बसत नाही, हे त्यांनी स्पष्ट केले. मात्र मौन दीर्घ, अनिश्चित आणि कारणाविना असेल तर गुणदोषांत न शिरता निर्णय घेण्याचा मर्यादित आदेश देता येईल, आणि कलम ३६१ चे कवच राज्यपालांच्या व्यक्तीला असले तरी त्यामुळे त्यांच्या पदाच्या निष्क्रियतेची मर्यादित तपासणी थांबत नाही, असेही सांगितले. हे मत विधेयकांपुरते आहे. तरीही मुंबईत २०२१ साली ज्या भिंतीपाशी न्यायालय थांबले होते तिच्यात चार वर्षांनी एक खिडकी पडली, असे म्हणता येते. खिडकीतून 'ठरवा' एवढेच ऐकू जाते. त्यापलीकडे नाही, आणि माझ्या मते तेच योग्य आहे.

ते योग्य का, हे सांगायला हवे, कारण त्याविरुद्धचे आक्षेप हलके नाहीत. बारा जागांचे एवढे काय, परिषद काही सरकार पाडत नाही, असा एक सूर असतो. पण २०२०च्या एप्रिलमध्ये याच जागांवर मुख्यमंत्रिपद अडले होते, आणि जून २०२० पासून ऑक्टोबर २०२४ पर्यंत, म्हणजे चार वर्षांहून जास्त काळ, राज्याच्या एका सभागृहाचा जवळपास सहावा हिस्सा रिकामा राहिला. राज्यपाल म्हणजे रबरी शिक्का नव्हे, हा दुसरा आक्षेप खरा आहे, पण तो छाननीच्या बाजूचा आहे, मौनाच्या नाही. छाननी करणारा शंका लिहून कळवतो. तिसरा आक्षेप उलट दिशेचा आणि सर्वांत वजनदार: कर्तव्य सिद्ध झाले आणि ते मोडलेही जाते आहे, तर न्यायालयाने ते स्वतः पार का पाडू नये? आज ज्या राज्यपालाविरुद्ध हे आपल्याला गोड वाटते ते उद्या निवडून आलेल्या सरकारविरुद्धही वापरले जाईल, हे त्याचे उत्तर. मंत्र्याने न घेतलेला निर्णय न्यायमूर्तींनी घेतला तर तो निर्णय चुकल्यावर जाब विचारायला मतदाराला दारच उरत नाही. शिवाय उशिराच्या बाबतीत न्यायालयांनाही आरशात पाहावे लागेल. यादी मागे घेण्याविरुद्धच्या याचिकेला दीड वर्ष लागले. २००५ साली बिहार विधानसभेचे विसर्जन असंवैधानिक ठरले तेव्हा नव्या निवडणुका तोंडावर आल्या होत्या आणि जुनी विधानसभा परत आणली गेली नाही. राजकीय हक्क नाशवंत असतात. त्यांची मुदत आमदारकीच्या मुदतीएवढीच असते, आणि न्यायालयाच्या तारखांना ते भान क्वचितच राहते.

म्हणून इलाज न्यायालयाच्या दारात कमी आणि कायदा लिहिणाऱ्यांच्या टेबलावर जास्त आहे. संविधान सभेत १९४९च्या मे महिन्यात राष्ट्रपतींनी विधेयक परत पाठवण्याच्या तरतुदीवर चर्चा झाली. मसुद्यात त्यासाठी सहा आठवड्यांची कमाल मुदत होती. डॉ. आंबेडकरांनी मांडलेल्या दुरुस्तीने तिच्या जागी 'शक्य तितक्या लवकर' असे शब्द आले. मध्य प्रांत व वऱ्हाडातून आलेले ह. वि. कामत यांनी त्याला विरोध केला: हे शब्द मोघम आहेत, ते दिरंगाईला वाट देतील, असे त्यांचे म्हणणे होते. त्या सभेत बसलेल्यांना उच्चपदस्थांच्या सौजन्यावर भरवसा होता, आणि बराच काळ तो वायाही गेला नाही. कलम १७१ मध्ये तर 'शक्य तितक्या लवकर' एवढेही लिहिण्याची गरज कोणाला वाटली नाही. आज ती वाटायला हवी. मुदत कायद्यात आली की न घेतलेला निर्णयही मोजता येईल, सहीची तारीख उलटल्याचा कागद तयार होईल, आणि न्यायालयाला रतलामच्या गटाराइतके स्पष्ट काहीतरी हाती लागेल. अशी दुरुस्ती संसदेने करायची आहे, आणि संसदेत बसलेल्या प्रत्येक पक्षाला कुठल्या ना कुठल्या राज्यात त्या मोकळ्या जागेचा उपयोग झालेला आहे. तोवर पुढची एखादी यादी एखाद्या राजभवनाच्या टेबलावर पडून राहिली तर न्यायालय फार तर ती उचलायला सांगेल. पहिल्या बारांकडे निदान खोडता येईल असा ठराव होता. दुसरे बारा बाराच्या भावात गेले, आणि त्यांना कोणी नाकारल्याची नोंद कुठेच नाही.